चौथा कोपरा

एमिको-सानचा फोन आला तेव्हा मी ट्रेनमध्ये होते, म्हणून उचलला नाही. इथे ट्रेनमध्ये फोनवर कुणी बोलत नाही, आणि पाच वर्षांत ती शिस्त माझ्याही अंगात मुरली आहे. रविवार होता. लेकीला, सईला, पोहण्याच्या क्लासहून घेऊन येत होते, आणि तिच्या ओल्या केसांचं पाणी माझ्या बाहीवर उतरत होतं. फोनवर नाव बघितलं आणि कळलंच. एमिको-सान उगाच फोन करणाऱ्यांतली नाही. स्टेशनवर उतरून जिन्याच्या आडोशाला उभी राहिले आणि निरोप ऐकला. आपल्या नेहमीच्या नीटनेटक्या, अदबशीर जपानीत तिनं सांगितलं होतं, की वडील आज पहाटे झोपेतच गेले, त्रास झाला नाही, कोबेत तुम्ही त्यांची काळजी घेतलीत त्याबद्दल मी ऋणी आहे. मी तो निरोप तीनदा ऐकला. जपानी समजलं नाही म्हणून नव्हे... "काळजी घेतलीत" या शब्दांपाशी पोचलं की मी फोन कानापासून दूर धरत होते, आणि तरी पुन्हा ऐकावंसं वाटत होतं.

तिचे वडील, बेप्पे-सान, एकशे चार वर्षांचे होते. जन्मानं इटलीच्या उत्तरेकडच्या एका डोंगरी गावचे. पहिल्या महायुद्धात खेचर हाकणारे शिपाई, दुसऱ्यात जहाजाच्या भट्टीत कोळसा ओढणारे खलाशी, आणि त्यानंतरची साठ वर्षं कोबेकर. पूर्ण नाव लांबलचक होतं, पण आमच्या वसाहतीत ते कुणालाच येत नव्हतं. सगळ्यांचे ते बेप्पे-सान. तळमजल्यावर ते, तिसऱ्या मजल्यावर आम्ही. त्यांच्याबद्दल चार शब्द लिहायचे असं ठरवलं तेव्हा वाटलं, दोन महायुद्धं पाहिलेला माणूस, लिहायला काय कमी आहे? पण बसले तेव्हा लक्षात आलं, की आधी एक गोष्ट कबूल केल्याशिवाय मला पुढे जाता येणार नाही. या माणसाला मी दोनदा फसवलं. एकदा दिलेला शब्द मोडला, आणि दुसऱ्यांदा त्यांच्या डोळ्यांत बघून खोटं बोलले. दोन्ही वेळेला कारण चांगलं होतं. ते तर नेहमीच असतं.

आमची ओळख कावळ्यामुळे झाली. मी इथल्या विद्यापीठात संशोधनासाठी आले आणि सहा महिन्यांत मिरजेला बाबा गेले. मी पोचले तेव्हा बारावा चालू होता. दहाव्याला कृष्णाकाठी काय झालं ते आईनं सांगितलं: दीड तास कावळा शिवेना. पेन्शनचं बोलून झालं, आईला सांभाळू म्हणून झालं, शेवटी चुलतभाऊ म्हणाला, "काका, मेधाची काळजी करू नका," आणि कावळा खाली उतरला. मी जीवशास्त्राची माणूस. कावळ्याला दीड तासानं भूक लागते यात मला नवल नाही. तरी ते ऐकून मी जी रडले तशी बाबांच्या बातमीनंही रडले नव्हते. वर्षश्राद्ध झालं, आणि पुढच्या पितृपक्षात आईनं फोनवर तिथी सांगितली. म्हणाली, "सगळं राहू दे गं, पण कावळ्याला एक घास ठेव. तिकडे कावळे असतात ना?"

असतात तर! इथले कावळे आपल्याकडच्यांच्या दीडपट, चोच कात्रीसारखी, आणि त्यांना कॅलेंडर पाठ. माझं शास्त्रज्ञाचं डोकं चाललं. कावळे येतात कुठे? कचऱ्याच्या जागी. कधी? जळण्याजोगा कचरा उचलतात त्या दिवशी, म्हणजे मंगळवारी आणि शुक्रवारी, सकाळी सात ते आठ. बाबांची तिथी नेमकी शुक्रवारी. पहाटे उठून खीर, भात, आमसुलाची चटणी, उडदाचे वडे केले. गवार मिळाली नाही, तिच्या जागी फरसबी. कागदी पत्रावळीवर सगळं नीट वाढून मी ते वसाहतीच्या मागे, जिथे कचऱ्याच्या पिशव्या ठेवतात तिथल्या बुटक्या भिंतीवर नेऊन ठेवलं, हात जोडले, आणि चार पावलं मागे सरून वाट बघत राहिले.

वसाहतीत कावळ्यांना खायला घालणं हा किती मोठा गुन्हा आहे हे मला माहीत नव्हतं असं नाही. लिफ्टमध्ये चित्रासकट पाटी होती. पण मी कावळ्यांना कुठे घालत होते? मी बाबांना वाढलं होतं. तेवढ्यात मागून झाडूचा आवाज आला. लोकरीची टोपी, अंगात निळा एप्रन, पाठ अजून बऱ्यापैकी ताठ. बेप्पे-सान. दोन वर्षं आम्ही येता-जाता फक्त मान लववत होतो.

"हे काय आहे?" त्यांनी विचारलं. त्यांची जपानी अस्सल कोबेच्या धाटणीची, बंदरातल्या माणसांची.

"जेवण."

"कुणाचं?"

"माझ्या वडिलांचं."

त्यांनी इकडे तिकडे बघितलं. "कुठे आहेत?"

मी वर तारेकडे बोट दाखवलं. तारेवर तिघे बसले होते. माझ्या मोडक्या जपानीत मी पितृपक्ष समजावून सांगितला. म्हणजे, मेलेले वडील, कावळा, घास, एवढं सांगितलं. ते बराच वेळ तारेकडे बघत राहिले. चेहऱ्यावर हसू नव्हतं. मग म्हणाले, "वडिलांना कचऱ्याच्या दिवशी कशाला बोलावतेस? आज इथे येणारे सगळे चोर आहेत." आणि पत्रावळ उचलून, दोन्ही हातांनी सांभाळून, माझ्याकडे दिली. टाकली नाही, हे मी विसरणार नाही.

पण तिसऱ्या मजल्यावरच्या मोरिता-सान वरून सगळं बघत होत्या. मोरिता-सान वसाहतीच्या समितीवर आहेत. संध्याकाळपर्यंत पाटी लागली आणि रविवारी समितीची बैठक. पळसाला पानं तीनच, समित्या सगळीकडे सारख्याच. मी काय बोलायचं ते जपानीत पाठ करून गेले होते, पण माझ्या आधी बेप्पे-सान उभे राहिले आणि म्हणाले, की भिंतीवर माझा डबा ठेवला होता, वयामुळे विसरलो, माफ करा. एकशे एक वर्षांच्या माणसाला कोण काय बोलणार? मोरिता-साननी माझ्याकडे बघितलं, मी जमिनीकडे. जाताना जिन्यात ते मला म्हणाले, "आता तू माझ्याकडे कॉफीला यायचं. चोराच्या साथीदारानं निदान कॉफी तरी प्यावी."

मग मी जायला लागले. शनिवारी सकाळी, सईला घेऊन. त्यांची खोली सहा ताटाम्यांची, म्हणजे जमिनीवर सहा जाड चटया मावतील एवढी, आपल्याकडच्या दहा बाय दहाच्या खोलीसारखी. खिडकीत टोमॅटोची रोपं, भिंतीवर बायकोचा, हारु-सानचा फोटो, शेजारी क्रूस, आणि फोटोपुढे जपानी रीतीप्रमाणे भाताची वाटी. दोन्ही देव एकाच फळीवर सुखानं नांदत होते. ते मक्याच्या पिठाचा पोलेन्ता करायचे. म्हणजे घट्ट पिठलंच, पण बेसनाच्या जागी मका. लाकडी पाटावर ओतायचे आणि सुरी न लावता दोऱ्यानं कापायचे. सई दोऱ्याचं एक टोक धरायची. मी एकदा त्याच्यावर लसणाची फोडणी घातली तर ते क्षणभर असे गप्प झाले, की मला वाटलं आता ओळख संपली. मग दुसरा तुकडा पुढे केला.

आयुष्याबद्दल ते सलग कधी बोलले नाहीत, तुकड्या-तुकड्यांत बोलले. साडेसतराव्या वर्षी भरती झाले. डोंगरावरच्या खंदकांत जेवणाची पिंपं पोचवायची, खेचरावरून. त्या खेचराचं नाव राणी. ती चढाला अडायची, तिच्या कानात शिव्या दिल्या की चालायची, पण हळू आवाजात द्याव्या लागायच्या, नाहीतर रुसायची. सप्टेंबरात इथे म्हाताऱ्यांच्या सन्मानाची सुट्टी असते. त्या सुमारास दरवर्षी कुणीतरी बातमीदार यायचा आणि युद्धाबद्दल विचारायचा. बेप्पे-सान त्याला तासभर राणीबद्दल सांगायचे. बिचारा वहीत लिहून न्यायचा आणि दुसऱ्या दिवशी छापून यायचं, 'शतायुषी बेप्पे-सान यांच्या दीर्घायुष्याचं रहस्य टोमॅटो'. मी त्यांना म्हटलं, "तुम्ही त्यांना खरं काहीच सांगत नाही." ते म्हणाले, "राणी खरीच होती." आणि वर, "पहिल्या युद्धात आम्ही जिंकलो. दुसऱ्यात आधी हरलो आणि मग जिंकलो. तिन्ही वेळेला मी उपाशी होतो. यात त्यांच्या पेपरला उपयोगाचं काय आहे?"

दुसऱ्या युद्धात त्यांचं जहाज कोबेच्या बंदरात होतं. तिकडे इटलीनं बाजू बदलली आणि इकडे हे एका दिवसात मित्राचे शत्रू झाले. जहाज जपान्यांच्या हाती लागू नये म्हणून कप्तानानं ते बंदरातच बुडवायला सांगितलं. भट्टी विझवली ती बेप्पे-साननी. मग छावणी. तिथे ते बेडूक खायचे, आणि बेडूक संपल्यावर बेडकांबद्दल बोलायचे. युद्ध संपल्यावर बाकीचे परत गेले, हे राहिले. एका सार्वजनिक स्नानगृहाला बंब पेटवणारा माणूस हवा होता, यांना भट्टीशिवाय काही येत नव्हतं, आणि मालकाची मुलगी हारु लढाईत विधवा झालेली होती. पुढची तीस वर्षं त्यांनी अर्ध्या मोहल्ल्याच्या आंघोळीचं पाणी तापवलं. हारु-सान पंचाण्णवच्या मोठ्या भूकंपाच्या आधी गेल्या, स्नानगृह भूकंपात गेलं. बेप्पे-सान तात्पुरत्या निवाऱ्यांत राहायला गेले. तिथे कावळे कचऱ्याच्या पिशव्या फाडून ठेवायचे, लोकांच्या उरल्यासुरल्या वस्तू चिखलात पसरायच्या. कुणालाच त्याचं काही करायचं बळ नव्हतं. शहाण्णव वर्षांच्या यांनी कुठून तरी मासे धरायची जाळी आणली आणि पिशव्यांवर घातली. आमच्या वसाहतीत आले तेव्हा ते काम त्यांच्याबरोबर आलं.

त्या जागेला भिंतीत चार लोखंडी कड्या होत्या. जाळीचे तीन कोपरे त्यांनी कायमचे बांधून टाकले होते. चौथा मोकळा, पिशव्या आत सरकवण्यासाठी. बाकीच्या इमारतींत लोक तो कोपरा पाण्यानं भरलेल्या बाटलीखाली दाबून ठेवतात. कावळे बाटली आडवी पाडतात आणि आत शिरतात. बेप्पे-सान मात्र मंगळवारी, शुक्रवारी सात वाजता खाली येऊन बसायचे आणि प्रत्येक पिशवीनंतर चौथा कोपरा दोरीनं कडीला बांधायचे. पुढचा माणूस आला की सोडायचे, पिशवी आत, पुन्हा बांधायचे. असं पन्नास घरांसाठी पन्नास वेळा. मी एकदा म्हटलं, "बाटली ठेवली तर नाही का चालणार?" तर त्यांनी मान हलवली, एवढंच.

का ते पुढच्या वर्षी कळलं. पुन्हा बाबांची तिथी आली. या वेळी मी गपचूप खोलीतच नैवेद्य दाखवणार होते. शनिवारी कॉफीला गेले तर बेप्पे-सान टोपी घालून तयार. म्हणाले, "डोंगरावर जाऊ. तिथे कचरा नाही. तिथे तुझे वडील येऊ शकतात." एकशे दोन वर्षांचा माणूस, मी, सई आणि स्टीलचा डबा, असे आम्ही बसनं वर गेलो. झाडीतल्या एका दगडावर मी पान वाढलं. बेप्पे-सान दहा पावलांवर आमच्याकडे पाठ करून उभे राहिले.

पाचेक मिनिटांत पंख वाजले. पाठमोरे राहूनच त्यांनी विचारलं, "आले?"

"आले."

"काय खातायत?"

"आधी वडा उचलला."

"शहाणा माणूस," ते म्हणाले, पण वळले नाहीत.

परत येताना बसमध्ये, सई माझ्या मांडीवर झोपलेली असताना, त्यांनी सांगितलं. त्यांच्या शेजारच्या घरातला पिएरो, त्यांच्याच वयाचा, त्यांच्याबरोबरच भरती झालेला, उतारावर गोळी लागून पडला. गोळाबार चालू होता, आणायला जाता येईना. अंधार पडताना हे सरपटत गेले, तो गेलेला होता, एकट्यानं उचलवेना. म्हणून तंबूचं कापड त्याच्यावर घातलं आणि चार कोपऱ्यांवर चार दगड ठेवले. चौथा दगड लहान होता. दुसरा शोधायला वेळ नव्हता. सकाळी खालून बघितलं तर चौथा कोपरा वाऱ्यावर फडफडत होता, आणि दुपारपर्यंत वर जाता आलं नाही... एवढं सांगून ते खिडकीबाहेर बघायला लागले. तसंच बाहेर बघत म्हणाले, "युद्धात कावळे लठ्ठ होतात. तुझे वडील कावळा होऊन येतात, मी नाही म्हणत नाही. माझ्या ओळखीचे कावळे वेगळे आहेत."

आणखी एक सांगितलं. युद्धानंतर गावात परत गेल्यावर पिएरोची आई त्यांना रोज विचारायची, "नीट झाकलं होतंस ना रे त्याला?" आणि हे रोज "हो" म्हणायचे. वर्षभर म्हणाले. मग जहाजावर नोकरी धरली आणि गाव सोडलं ते सोडलंच.

आता माझी कथा. या वर्षी फेब्रुवारीत, एका मंगळवारी, मी पिशवी घेऊन खाली गेले तर ते कचऱ्याशेजारी जमिनीवर बसलेले. घसरले होते. गुडघा सोलला होता, बाकी काही नाही. उठवून खोलीत नेलं. एमिको-सान, त्यांची एकुलती मुलगी, टोकियोजवळ उरायासुला राहते. वडिलांना आपल्याजवळच्या वृद्धाश्रमात आणावं म्हणून दोन वर्षं मागे लागली होती, आणि तिचं काही चुकत नव्हतं. त्यांनी माझं मनगट धरलं. "एमिकोला कळवू नकोस. कळलं तर ती नेईल मला. तिथे मला काय काम आहे?" मी म्हटलं, "नाही कळवणार." अगदी मनापासून म्हटलं.

तीन आठवड्यांनी, शुक्रवारी, सात वाजून गेले तरी ते खाली नव्हते. माझ्याकडे त्यांच्या खोलीची किल्ली असायची. आत ते ताटामीवर पडलेले, शुद्धीत, पण आदल्या संध्याकाळपासून तसेच. उठता येत नव्हतं. अंग बर्फासारखं गार. मला बघून त्यांनी पहिल्यांदा काय विचारलं असेल? "जाळी?" रुग्णवाहिका आली, ती गेली, आणि मी जिन्यात उभं राहून एमिको-सानला फोन केला. लॅबला उशीर होत होता, आणि मनात एकच होतं, की उद्या पुन्हा असं झालं आणि किल्ली असून मी वेळेवर गेले नाही तर? आजही वाटतं की तो फोन करायलाच हवा होता. आणि आजही वाटतं की तो मी माझी भीती जावी म्हणून केला.

ते चिडले नाहीत, हेच वाईट. मार्चमध्ये सामान हललं. जायच्या दिवशी सकाळी ते काठी टेकत मला कचऱ्याच्या जागेपाशी घेऊन गेले. "बघ, ही गाठ. राणीला बांधायचो ती. ओढलं की घट्ट होते, पण आपल्याला सोडायची असली की एका हातानं सुटते." त्यांनी हळूहळू करून दाखवली. दोनदा. मी मान हलवत होते, आणि खरं सांगायचं तर माझं लक्ष घड्याळाकडे होतं, कारण पेशी इन्क्युबेटरमधून काढायची वेळ झाली होती. "कळलं?" "कळलं," मी म्हटलं.

त्यांच्यानंतर समितीनं पाळ्या लावल्या. चौथ्या कोपऱ्यावर बाटली आली. मीही बाटलीच ठेवली. पाळी आली की जाळी ओढायची, बाटली ठेवायची आणि स्टेशनकडे पळायचं. कावळ्यांना आनंदीआनंद. सप्टेंबरात टोकियोला एका परिषदेसाठी गेले होते, तिथून उरायासुला गेले. बेप्पे-सान खिडकीशी चाकाच्या खुर्चीत बसले होते, धुतलेले, विंचरलेले, गुडघ्यावर शाल. इतके स्वच्छ मी त्यांना कधी बघितलं नव्हतं. खिडकीतून वाहनतळ दिसत होता. मी सईचं बोलले, टोमॅटोचं बोलले. ते ऐकत होते की नाही कळेना. मग एकदम, खणखणीत आवाजात, "चौथा कोपरा कोण बांधतं?"

उचलली जीभ लावली टाळ्याला. "मी," म्हटलं.

"रोज?"

"मंगळवारी आणि शुक्रवारी. तुमचीच गाठ."

ते माझ्याकडे बघत राहिले. बराच वेळ. मग माझा हात थोपटला आणि म्हणाले, "बरं झालं." त्या बघण्याचा अर्थ मी अजून लावते आहे. चौथ्या कोपऱ्याबद्दल चांगुलपणानं खोटं बोलणं म्हणजे काय, हे या जगात त्यांच्याइतकं कुणाला माहीत असणार? त्यांना कळलं असेल असं मला वाटतं. कळलं नसेल तर जास्त वाईट वाटतं. महिनाभरानं ते गेले. निरोप आला त्याच रविवारी रात्री एमिको-सानला मी उलट फोन केला तेव्हा ती म्हणाली, "बाबा इथे सगळ्या नर्सना सांगायचे, कोबेला एक भारतीय मुलगी आहे, ती बांधते. काय बांधते ते आम्हाला कधी कळलं नाही."

अंत्यविधी घरच्यांपुरताच होता. चर्चमध्ये प्रार्थना, मग दहन. अस्थी कोबेला हारु-सानशेजारी आणणार आहेत. आईला सांगितलं तर तिनं बोटं मोजली. "रविवारी गेले ना? मग दहावा पुढच्या मंगळवारी. पिंडाला कोण आहे त्यांचं?" म्हटलं, "आई, ते ख्रिश्चन होते." "असू देत. काय राहिलंय हे तुला माहीत असेल तर तू कबूल कर. त्याला नातं लागत नाही." तिला काय सांगू, की जन्मभर कावळे हाकलणाऱ्या माणसासाठी कावळ्याला बोलवायचं कसं?

शेवटी ठरवलं, डोंगरावर जायचं, त्याच दगडापाशी. मंगळवारी पहाटे पोलेन्ता केला, पाटावर ओतला, दोऱ्यानं कापला, दोन तुकडे डब्यात भरले. जाता जाता कचऱ्याची पिशवी घेऊन खाली गेले. त्या आठवड्यात पाळी माझीच होती. बाटली आधीच आडवी पडलेली, चौथा कोपरा उलटलेला, आणि एका पिशवीचं पोट फाडून कुणीतरी माशाची डोकी बाहेर ओढलेली. तारेवर दोघे बसले होते, आणि तिसरा भिंतीवर, अगदी जवळ.

मी डबा खाली ठेवला. घाण गोळा केली, पिशवी बदलली, दोरी आणली. पण गाठ येईना. दोनदा दाखवलेली, आणि दोन्ही वेळेला मी घड्याळ बघत होते. पाच-सहा वेळा बांधली, ओढली की सुटत होती. मग तिसऱ्या कोपऱ्याकडे लक्ष गेलं. तिथे त्यांच्या हातची गाठ होती, कित्येक वर्षांच्या उन्हापावसात काळी पडलेली. ती सोडायची माझी छाती होईना. पण दुसरा इलाज नव्हता. प्रयोगशाळेत करतो तसं केलं. एक वेढा सोडायचा, थांबायचं, बघायचं, लक्षात ठेवायचं. तीन वेढे होते. शेवटचा वेढा सुटला तेव्हा दोरीत त्यांच्या गाठीचा बाक तसाच राहिला होता, आणि मी तिथे बसून रडले, मोरिता-सान वरून बघत असतील याची पर्वा न करता. मग त्याच बाकावरून तिसरा कोपरा पुन्हा बांधला. आणि चौथा. ओढून बघितला. घट्ट झाला. मनात म्हटलं, मंगळवारी आणि शुक्रवारी. इथे आहे तोवर. आता खरंच.

पुढची पिशवी यायची होती. मी त्यांच्या जागी, भिंतीच्या कडेला बसून राहिले. भिंतीवरचा कावळा खाली उतरला, आणि जाळीभोवती चालत, मोजणी अधिकाऱ्यासारखा, पहिल्या कोपऱ्यापाशी आला. चोचीनं ओढून बघितलं. दुसऱ्यापाशी गेला. तिसऱ्यापाशी. चौथ्यापाशी मान तिरकी करून थांबला. गाठीला चोच लावली, एकदा ओढली, पुन्हा एकदा. गाठ हलली नाही. मग तो उडून गेला.

डोंगरावर मी गेले नाही. पोलेन्ता दुपारी लॅबमध्ये मीच खाल्ला. हे आईला सांगितलेलं नाही, आता वाचूनच कळेल. तिचा फोन आला तेव्हा भारतात सकाळ होती.

"शिवला का गं?"

"शिवला," मी म्हटलं.

"लगेच?"

"नाही. आधी बाकीचे तीन कोपरे तपासले त्यानं."